पाठलाग आणि धंदा



गुन्हेगारी कादंबरीवर बोलायला कामगार संघटनेचा माणूस उभा राहिला, याचे आपल्यापैकी काहींना नवल वाटेल. माझे शिक्षण शाळेत थोडे आणि वाचनालयात पुष्कळ झाले. पाळी सुटल्यावर बाबूराव अर्नाळकरांचे झुंजार आणि काळा पहाड मी पुष्कळ वाचले. त्या पुस्तकांत शेवटच्या प्रकरणी कारस्थान उघडकीस येई आणि वाचक दिवा मालवून निश्चिंत झोपी जाई. आज जिच्याविषयी बोलायचे आहे ती कादंबरी झोप उडवणारी आहे. अमेरिकन लेखक डॉन विन्स्लो यांची ‘द पॉवर ऑफ द डॉग’. ती 2005 साली निघाली, आणि पुढे 2015 व 2019 साली तिचे आणखी दोन भाग आले.

कथा थोडक्यात सांगतो. आर्ट केलर हा अमेरिकेच्या अमली पदार्थविरोधी खात्याचा माणूस. आई मेक्सिकन, बाप अमेरिकन. 1975 साली तो मेक्सिकोतल्या सिनालोआ प्रांतात येतो. डोंगरात अफूची शेती आहे, सरकार ती जाळते आहे. तेथल्या एका पोलीस अधिकाऱ्याशी, मिगेल आंखेल बारेराशी, त्याची ओळख होते. लोक त्याला ‘तिओ’ म्हणतात, म्हणजे काका. या काकाच्या मदतीने केलर अफूच्या जुन्या म्होरक्याचा माग काढतो. म्होरक्या मारला जातो, केलरची पाठ थोपटली जाते. मागाहून त्याच्या ध्यानात येते, की आपण काकासाठी गादी रिकामी करून दिली! काका व्यापाऱ्यांना एकत्र आणतो, सरहद्दीवरचे मार्ग वाटून देतो, आणि अफूच्या जोडीला कोलंबियातले कोकेन अमेरिकेत पोचवण्याचा ठेका उभा करतो. काकानंतर पुतण्या आदान बारेरा येतो. त्या पुतण्याचा पाठलाग हीच पहिल्या दोन भागांची कथा.

यातला पाया लेखकाच्या कल्पनेतला नाही. मिगेल आंखेल फेलिक्स गायार्दो नावाचा सिनालोआचा एक पोलीस खरोखरच मेक्सिकोतला सर्वांत मोठा अमली व्यापारी झाला. 1989 साली त्याला अटक झाली. धंदा थांबला काय? नाही. तिहुआना, हुआरेझ, सिनालोआ असे त्याचे तुकडे झाले आणि तुकडे आपापसांत लढू लागले. पुढे ‘एल चापो’ गुझमान 1993 साली पकडला गेला, 2001 आणि 2015 साली तुरुंगातून निसटला, आणि 2019 साली अमेरिकेत जन्मठेपेला गेला. 2024 च्या जुलैत त्याचा जुना भागीदार इस्माएल झाम्बादा अमेरिकेच्या हाती लागला, आणि सप्टेंबरात कुलिआकान शहरात वारसांची लढाई पेटली. म्होरका पडला, की रक्त वाहते ते सामान्यांच्या गल्लीत.

आम्हा संघटनेच्या लोकांना हे कोडे वाटत नाही. मालक बदलला म्हणून गिरणीचा भोंगा वाजायचा राहत नाही. धंद्याला कच्चा माल लागतो, हात लागतात, गिऱ्हाईक लागते आणि पैसा फिरवणारी पेढी लागते. ही चार माणसे जागेवर असली, की खुर्चीवर कोणीही बसू शकते. कादंबरी वाचताना माझी नजर म्हणून पाठलागापेक्षा या चौघांकडे जात राहिली.

कच्चा माल कोण देतो? डोंगरातला शेतकरी. अफूच्या बोंडांना चिरे देऊन चीक गोळा करणारा. मका पिकवून पोट भरत नाही, आणि अफूचा व्यापारी दारात येऊन पैसे मोजतो. सत्तरीत सरकारने विमानांतून फवारा मारून पिके मारली. शेतकरी देशोधडीला लागले, मोठे व्यापारी ग्वादालाहारा शहरात सुखरूप गेले.

हात कोणाचे? 1984 साली चिवावा प्रांतात लष्कराने गांजाच्या एका प्रचंड मळ्यावर छापा घातला. तेथे हजारो मजूर राबत होते. मळ्याच्या मालकाचे नाव जगाला पाठ आहे. त्या मजुरांपैकी एकाचे नाव कोणी सांगेल काय? आपल्याला हे परके वाटू नये. 18 जानेवारी 1982 ला मुंबईत गिरणी संप सुरू झाला, सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले. गिरण्या मोडल्यावर त्या घरांतली काही पोरे टोळ्यांच्या हाती लागली. जयंत पवारांचे ‘अधांतर’ ज्यांनी पाहिले त्यांना ते घर ठाऊक आहे. टोळीवाला दारात येतो तेव्हा त्याच्या हातात पिस्तुलाआधी रोजगार असतो.

गिऱ्हाईक सरहद्दीच्या उत्तरेला आहे. अमेरिकेत 2021 या एका वर्षात अतिमात्रेने 1 लाखाहून अधिक माणसे मेली. तिसऱ्या भागात केलर स्वतः खात्याचा प्रमुख होतो, आणि चाळीस वर्षांच्या धावपळीनंतर त्याला उमगते, की रोगाचे मूळ आपल्याच घरात आहे.

आणि पेढी? 2012 साली एचएसबीसी या जगप्रसिद्ध बँकेने अमेरिकन सरकारला सुमारे 1.9 अब्ज डॉलर देऊन प्रकरण मिटवले. मेक्सिकन टोळ्यांचा पैसा आपल्या खात्यांतून धुतला जाऊ नये म्हणून जी दक्षता घ्यायची, ती बँकेने घेतली नव्हती. तुरुंगात कोणी गेले नाही. गल्लीत पुडी विकणारे पोर मात्र वर्षानुवर्षे आत असते.

कोणी विचारील, “मग म्होरक्यांना मोकळे सोडायचे काय?” मुळीच नाही. 7 फेब्रुवारी 1985 ला ग्वादालाहारातून एन्रिके कामारेना या अमेरिकन अधिकाऱ्याला पळवून नेले आणि हाल हाल करून मारले. खुनाचा जाब विचारलाच पाहिजे. जो कायदा खुनाचा जाब विचारीत नाही तो गरिबाचे कधीच रक्षण करीत नाही.

पण जाब कसा विचारायचा, हाही प्रश्न आहे, आणि या कादंबरीचे मोठेपण मला तेथे दिसते. कामारेनाच्या जागी कादंबरीत केलरचा सहकारी अर्नी हिडाल्गो आहे. केलरने चोरून संभाषणे ऐकलेली असतात. ते झाकायला त्याने एक खबऱ्या कल्पनेतून उभा केलेला असतो. टोळीवाले हिडाल्गोला पकडतात आणि छळतात, त्या खबऱ्याचे नाव सांग म्हणून. जो माणूस अस्तित्वातच नाही त्याचे नाव तो काय सांगणार? साहेबाचे खोटे हाताखालच्या माणसाच्या अंगावर पडते. या प्रसंगाला मी पुस्तक मिटून बराच वेळ बसलो. पुढे सूडाने पेटलेला केलर बारेराला पकडायला त्याच्या आजारी मुलीवरची मायाच गळाला लावतो. वाचक त्या क्षणी जिंकल्याचा आनंद मानू पाहतो आणि मानू शकत नाही. शिकारी सावजासारखा होत चालला, हे त्याला दिसत असते.

मेक्सिको सरकारने 2006 च्या डिसेंबरात टोळ्यांवर लष्कर सोडले. 2022 साली त्या देशातल्या बेपत्ता माणसांची सरकारी नोंद 1 लाखाच्या पुढे गेली. तेथल्या आया हातात फावडी घेऊन माळरानात आपल्या लेकरांची हाडे शोधतात. त्यांच्यामागे ना खाते आहे, ना पिस्तूल. माझ्या मते पाठलागाची खरी कादंबरी त्यांची आहे.

रहस्यकथा जरूर वाचा. मीही वाचणार आहे. गुन्हेगार सापडला, की पुस्तक मिटण्याआधी एवढेच पाहा: त्याच्या शेतात कोण राबत होते, त्याचा पैसा कोण मोजत होते, आणि उद्या सकाळी त्याच्या दुकानापुढे रांग लागणार आहे की नाही. रांग तशीच असेल, तर शेवटचे प्रकरण अजून लिहायचे आहे, आणि ते एकट्या पोलिसाने लिहिण्याजोगे नाही.