सत्तर रुपये का वारले?

पैसे बुडतात, संपतात, खर्च होतात. वारतात ती माणसं, आणि तीही आदरानं सांगायचं असेल तेव्हाच. जनावर मरतं, वारत नाही. १९८८ च्या ‘अशी ही बनवाबनवी’त धनंजय माने घरमालक सरपोतदारांना सांगतो की मधुमेहाचं इस्रायली औषध आणून देणारा मित्र वारला, आणि त्यासाठी घेतलेले सत्तर रुपयेही वारले. एक क्रियापद भलत्या जागी बसलं आणि महाराष्ट्र हसला. आपल्याकडेही लग्नाच्या पंगतीत कुणाची उधारी बुडाल्याचा विषय निघाला की हेच वाक्य ऐकू येतं.

याच कथेवर हृषीकेश मुखर्जींचा ‘बीवी और मकान’ १९६६ सालीच हिंदीत येऊन गेला होता. भाड्याच्या खोलीसाठी बायकांची सोंगं तिथंही आहेत. त्यातलं एखादं वाक्य तुम्हाला आठवतं का? मला नाही. म्हणजे टिकलं ते कथानक नव्हे, वसंत सबनीसांचं मराठी टिकलं.

होमिओपॅथीत आम्हाला औषधं माणसांसारखी शिकवत. नक्स व्होमिका म्हणजे तापट, घाईचा गृहस्थ. पल्सॅटिला म्हणजे पटकन डोळे भरून येणारी बाई. एका खुणेवरून अख्खा माणूस उभा करायचा. पुलंचंही तेच. लग्नघरात राबणाऱ्याला ‘नारायण’ किंवा छापील बोलणाऱ्या पोराला ‘गटणे’ म्हटलं की पुढं वर्णन लागत नाही. ‘व्यक्ती आणि वल्ली’ला १९६५ साली साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला, पण विशेषनामाचं सामान्यनाम होणं हा मान मी त्याहून मोठा धरतो.

मात्र खूण ओळखायला भाषा अंगात असावी लागते. १९५६ साली किनवट, राजुरा तिकडे गेले, आपण पैनगंगेच्या अलीकडे राहिलो. घरात मराठी, शाळेत तेलुगू आणि इंग्रजी. आम्ही जैन संवत्सरीला ‘मिच्छामि दुक्कडम्’ म्हणतो. त्यातलं प्राकृत कळणारे आमच्यात किती? क्षमेला ते चालतं, भाव पोचतो. विनोदाला चालत नाही.

मध्यंतरी बारा वर्षांचा एक मुलगा आजीबरोबर दवाखान्यात आला. रिकामी बाटली टेबलावर ठेवून म्हणाला, ‘‘डॉक्टरकाका, गोळ्या वारल्या.’’ आजी हसली, मी हसलो. तो आमच्या तोंडाकडे बघत राहिला. वारल्या म्हणजे संपल्या, एवढाच अर्थ त्याला ठाऊक होता. घरात सगळे म्हणतात म्हणून तोही म्हणाला.

विनोद समजावला की मरतो, असं म्हणतात. मला हे पटत नाही, निदान आपल्यासारख्या सीमेवरच्या घरांत तरी. आजीनं तिथंच सुरुवात केली: आजोबा वारले, बैल मेला, भिशीचे पैसे बुडाले. बाकावरच्या दोघी-तिघी बायकांनीही भर घातली. पुढचा रुग्ण आत यायला पाऊण तास लागला.