विसरू नका, पण माफ करा
(प्रभागसंघाच्या सभेत केलेल्या भाषणाचा मजकूर)



आज मी तुम्हाला एका फुटबॉलच्या कोचबाईंची गोष्ट सांगणार आहे. तुम्ही म्हणाल, आपला नि फुटबॉलचा काय संबंध? तर त्यांच्या संघात मैदानावर अकरा जणी असतात, आपल्या गटात दहा-बारा. आणि रुसवेफुगवे दोन्हीकडे सारखेच!

या बाईंचं नाव पिया सुंधागे. स्वीडन देशाच्या, जन्म १९६० सालचा. त्या लहान असताना मुलींना खेळायला संघच नव्हता. मग त्या मुलांच्या संघात खेळल्या, आणि त्यासाठी त्यांना 'पेले' असं मुलाचं नाव लावलं गेलं! पुढे याच पियाताई स्वीडनसाठी १४६ सामने खेळल्या. १९८४ साली बायकांच्या युरोपीय स्पर्धेत स्वीडन जिंकलं, तेव्हा जिंकून देणारी शेवटची पेनल्टी त्यांनीच मारली होती.

पण मला सांगायचं आहे ते त्या कोच झाल्यानंतरचं.

२००७ साली चीनमध्ये महिला विश्वचषक होता. अमेरिकेचा संघ जोरात होता. गोल अडवायला होप सोलो नावाची तरुण खेळाडू होती. उपांत्य सामन्याच्या आधी त्या वेळच्या कोचनं तिला बसवलं आणि ब्रायाना स्करी या जुन्या, अनुभवी गोलरक्षकाला उभं केलं. संघ ब्राझीलकडून ४-० असा हरला. होपचा संताप झाला. तिनं पत्रकारांसमोरच सांगितलं, की हा निर्णय चुकला, मी असते तर ते गोल अडवले असते. म्हणजे आपल्याच सोबतिणीला तिनं जगासमोर कमी लेखलं. बाकीच्या जणी चिडल्या. पुढच्या सामन्याला तिला घेतलं नाही. संघासोबत परतही आणलं नाही. तिनं माफी मागितली, तरी मनं काही जुळेनात.

ओळखीचं वाटतंय ना? बैठकीतली गोष्ट एखादी बाहेर बोलते. मग बोलणं बंद, शेजारी बसणं बंद. पुढच्या बैठकीला दोघी गैरहजर, बचत थांबते, हप्ता थकतो. भांडण दोघींचं असतं, पण बँकेच्या दारात अख्ख्या गटाची पत जाते.

अशा फुटलेल्या संघाच्या कोच म्हणून त्याच वर्षअखेरीस पियाताई आल्या. पहिल्याच बैठकीत त्यांनी गिटार काढली आणि गाणं म्हटलं! इंग्रजी काही त्यांची मायबोली नव्हे, आणि समोर जगातल्या नावाजलेल्या खेळाडू बसलेल्या. तरी लाज धरली नाही. वातावरण जरा सैल झालं.

मग त्यांनी मुलींना एक साधा प्रश्न विचारला. तुम्हाला जिंकायचं आहे का? सगळ्या म्हणाल्या, हो. मग जिंकायचं तर चांगली गोलरक्षक लागेल. झालं ते विसरा असं मी म्हणत नाही, पण माफ करा.

बहिणींनो, इथं नीट लक्ष द्या. कोण खरी, कोण खोटी, याचा निवाडा करत त्या बसल्या नाहीत. दोघींना जबरदस्तीनं गळाभेट घ्यायला लावली नाही. आपण इथं कशासाठी जमलोय, एवढंच त्यांनी विचारलं.

पुढच्या वर्षी बीजिंगचं ऑलिंपिक आलं. पहिलाच सामना नॉर्वेनं २-० असा जिंकला. जुना राग उकरून काढायला ही चांगली संधी होती. पण संघ टिकला. अंतिम सामन्यात समोर पुन्हा ब्राझील, आणि गोलमध्ये होप सोलो. तिनं एकही गोल होऊ दिला नाही. जादा वेळेत कार्ली लॉइडनं एक गोल केला आणि सुवर्णपदक मिळालं.

पियाताईंची आणखी एक रीत मला आवडते. खेळाडूचं काय चुकलं यापेक्षा काय चांगलं झालं, ते त्या आधी दाखवायच्या. आणि लांब लाथ मारून एकट्या पुढच्या खेळाडूवर भार टाकण्यापेक्षा, एकमेकींना चेंडू देत पुढे जायला त्यांनी संघाला शिकवलं. आपल्याकडे बघा, बँकेत अध्यक्ष जाणार, वही सचिव लिहिणार, बाकीच्या फक्त सही करणार. चेंडू दोघींच्याच पायात! बाकीच्यांना पास मिळतच नाही, मग कुरबुर होणारच.

त्या सदा जिंकल्या असंही नाही. २०११ च्या विश्वचषकाचा अंतिम सामना जपाननं पेनल्टीवर जिंकला. पण पुढच्या वर्षी लंडन ऑलिंपिकच्या अंतिम सामन्यात, ८० हजार लोकांसमोर, त्याच जपानला २-१ असं हरवून पियाताईंच्या संघानं दुसरं सुवर्ण घेतलं. २०१२ च्या सर्वोत्तम महिला संघ प्रशिक्षकाचा जागतिक पुरस्कारही त्यांना मिळाला.

आता एक गोष्ट स्पष्ट सांगते. माफी शब्दांची असते, पैशांची नाही. कुणी गटाची रक्कम वापरली असेल, तर ती वहीत लिहायची, तारीख ठरवायची आणि वसूल करायची. तिथं 'जाऊ दे गं' म्हणायचं नाही. पण एखादी रागाच्या भरात बोलली, तुमच्या घरी हळदीकुंकवाला आली नाही, म्हणून तिला गटातून काढायचं, हे आपल्याला परवडणारं नाही. वहीवर चांगला हात असलेली, बँकेच्या साहेबाशी न घाबरता बोलणारी बाई म्हणजे आपली गोलरक्षक. तिला घरी बसवून आपण कुणाचं नुकसान करतो?

तेव्हा येत्या बैठकीत एवढं करा. जी रुसून बसली आहे तिच्या घरी दोघी-तिघी जा. भांडणाचा विषय काढू नका. "तुझ्यावाचून वही अडलीय, ये," एवढंच म्हणा. आणि यावेळी बँकेत जाताना, कधीच न गेलेल्या एका ताईला सोबत घ्या.