नाऊरू : टनांचा हिशेब आणि माणसांचा हिशेब



ज्या शाळेच्या बाकावर बसून मी जगाचा नकाशा प्रथम पाहिला, त्याच शाळेने आज मला आपल्यासमोर बोलावयास उभे केले, याबद्दल मी संचालक मंडळाचा ऋणी आहे. ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ हे व्याख्यान योजिले आहे, ते आम्हांस भूगोल शिकवीत. वर्गातील जुन्या नकाशाची प्रशांत महासागराकडील कड दुमडलेली असे. गुरुजी ती एका हाताने सरळ धरीत आणि त्यावरील बारीक ठिपक्यांची नावे आमच्याकडून वाचून घेत. ठिपका लहान असला तरी तेथे राहणाऱ्या माणसाला तो लहान वाटत नाही, असे ते सांगत. ‘नाऊरू’ हे नाव मी तेव्हा प्रथम वाचले. आज त्याच ठिपक्याचा इतिहास मी आपल्यापुढे मांडणार आहे.

नाऊरूचे क्षेत्रफळ अवघे २१ चौरस किलोमीटर. विषुववृत्ताच्या किंचित दक्षिणेस असलेले हे प्रवाळाचे बेट. किनाऱ्यालगत नारळीचा हिरवा पट्टा आणि आत उंचवट्याचे पठार. बारा कुळांचा समाज मासेमारी आणि नारळ यांवर तेथे पिढ्यान्‌पिढ्या नांदत होता. १७९८ साली जॉन फर्न हा इंग्रज कप्तान ‘हंटर’ जहाजातून जवळून गेला आणि त्याने या भूमीला ‘सुखद बेट’ असे नाव दिले. पुढे १८३० नंतर देवमाशांची शिकार करणारी जहाजे येऊ लागली. त्यांच्याबरोबर दारू आणि बंदुका आल्या. १८७८ साली कुळाकुळांत भडकलेले युद्ध दहा वर्षे चालले आणि सुमारे चौदाशेची लोकसंख्या नऊशेच्या आसपास आली.

इकडे युरोपात १८८६ साली इंग्लंड व जर्मनी यांनी पश्चिम प्रशांत महासागरावर एक रेषा ओढून प्रदेश वाटून घेतले. नाऊरू जर्मनीच्या बाजूस पडले. बेटावरच्या एकाही माणसाला कोणी काही विचारले नव्हते. १८८८ मध्ये जर्मनांनी प्रत्यक्ष ताबा घेतला, बंदुका गोळा केल्या आणि युद्ध थांबले.

यानंतरची हकीकत एका दगडापासून सुरू होते. सिडनी येथील एका व्यापारी कंपनीच्या कचेरीत नाऊरूहून आणलेला एक दगड दार उघडे राहावे म्हणून दाराशी ठेवलेला असे. ते अश्मीभूत लाकूड आहे, अशी सर्वांची समजूत होती. १८९९ मध्ये आल्बर्ट एलिस या कर्मचाऱ्याने त्याची परीक्षा केली, तेव्हा तो उत्तम प्रतीचा फॉस्फेटचा दगड निघाला. फॉस्फेट म्हणजे खताचा प्राण. नाऊरूचे पठार त्यानेच भरलेले होते. १९०७ पासून तो जहाजांत भरून बाहेर जाऊ लागला. सुरुवातीच्या काळात जमिनीच्या मालकाला टनामागे अर्धा पेनी मिळे.

पहिल्या महायुद्धात, १९१४ साली, ऑस्ट्रेलियाने बेट घेतले. १९१९ साली ब्रिटन, ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड यांनी आपसांत करार करून खाणी एका संयुक्त मंडळाच्या हाती दिल्या. फॉस्फेटमध्ये पहिल्या दोघांचा वाटा प्रत्येकी ४२ टक्के आणि न्यूझीलंडचा १६ टक्के. नंतर राष्ट्रसंघाने या प्रदेशाचे पालकत्व त्यांच्याकडेच सोपविले. पालकाने पाल्याच्या हिताचे रक्षण करावे, हा पालकत्वाचा अर्थ. येथे पालकच गिऱ्हाईक होता आणि भावही तोच ठरवीत होता. जागतिक बाजारभावापेक्षा पुष्कळ कमी दराने हे खत ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडच्या शेतांवर पडले. तेथील कुरणे हिरवी झाली आणि नाऊरूच्या पठारावर चुनखडीचे उघडे सुळके तेवढे उरले. आपण डिचोली-सत्तरीच्या परिसरातील माणसे. डोंगर खणल्यावर मागे काय राहते, हे आपणांस निराळे सांगावयास नको.

मंडळाच्या वह्यांत टनांचा हिशेब चालला होता. त्याच काळात नाऊरूचे लोक एक वेगळा हिशेब करीत होते. समाज म्हणून टिकून राहावयाचे, तर आपण निदान पंधराशे तरी असले पाहिजे, असे त्यांच्यापुढे मांडले गेले होते. १९३२ च्या २६ ऑक्टोबरला एक मुलगी जन्मली आणि संख्या पंधराशे झाली. तो दिवस ‘अंगाम’ म्हणून सणासारखा पाळला जाऊ लागला. एका बालिकेच्या जन्माने सारे राष्ट्र आनंदित व्हावे, अशी उदाहरणे इतिहासात फार थोडी असतील.

पण १९४२ मध्ये जपानी फौजा उतरल्या. पुढील वर्षी त्यांनी सुमारे बाराशे नाऊरूवासीयांना दूरच्या ट्रूक बेटांवर मजुरीसाठी नेले. उपासमारीने आणि आजारांनी त्यांतील कितीतरी माणसे तेथेच मेली. युद्ध संपल्यावर १९४६ च्या ३१ जानेवारीला ७३७ जण मायभूमीला परतले. पंधराशेचा आकडा पुन्हा गाठावयास १९४९ साल उजाडले.

ट्रूकहून परतलेल्यांत हॅमर डीरॉबर्ट नावाचा एक तरुण शिक्षक होता. पुढे तोच आपल्या लोकांचा प्रमुख झाला. संयुक्त राष्ट्रसंघाच्या विश्वस्त व्यवस्थेखाली कारभार ऑस्ट्रेलियाकडेच राहिला होता. फॉस्फेट संपल्यावर या लोकांचे काय करावयाचे, या प्रश्नाला कारभाऱ्यांनी दिलेले उत्तर असे होते की, सर्वांना क्वीन्सलँडच्या किनाऱ्याजवळील कर्टिस बेटावर नेऊन वसवावे. तेथे घरे व नागरिकत्व मिळणार होते. राष्ट्र म्हणून वेगळे अस्तित्व मात्र राहणार नव्हते. १९६४ साली नाऊरूने ही योजना नाकारली. बाराशे माणसे परक्या बेटावर नेली म्हणजे काय होते, हे ज्या पिढीने भोगले होते, तिला याहून निराळा निर्णय कसा घेता आला असता?

अखेर १९६८ साली नाऊरू स्वतंत्र झाले. दिवस निवडला तो ३१ जानेवारी, म्हणजे ट्रूकहून परतण्याचा दिवस. डीरॉबर्ट पहिले राष्ट्राध्यक्ष झाले. ध्वजाच्या निळ्या रंगावर विषुववृत्ताची पिवळी रेघ आणि तिच्याखाली बारा टोकांचा तारा आला. ती टोके म्हणजे बारा कुळे. परंतु स्वतःच्याच भूमीतील खाणींचा ताबा मिळविण्यासाठी या नव्या राष्ट्राला २ कोटी १० लाख ऑस्ट्रेलियन डॉलर मोजावे लागले.

येथे कथा संपविली असती, तर ती गोड झाली असती. पण गुरुजींनी आम्हांस अर्धा नकाशा वाचावयास शिकविले नव्हते. स्वातंत्र्यानंतर खाणी थांबल्या नाहीत. काही वर्षे दरडोई उत्पन्नात नाऊरू जगातील अग्रगण्य देशांत गणले गेले. पुढच्या पिढ्यांसाठी ठेवलेला निधी मेलबर्नमधील ५२ मजली इमारतीत गेला, लंडनच्या एका फसलेल्या संगीत नाटकातही गेला. २००४ मध्ये ती इमारत कर्जापायी विकावी लागली. बेटाचा सुमारे चार-पंचमांश भाग खणला गेला होता आणि मुख्य साठा संपत आला होता. २००१ पासून ऑस्ट्रेलियाकडे आश्रय मागणाऱ्या परक्यांना ठेवण्याची छावणी हे या देशाचे एक उत्पन्न झाले. परकीयांनी खणलेल्या खड्ड्यांचा दोष त्यांचा. पण निधी उधळला, तो दोष स्वकीयांचाच म्हणावा लागेल.

तरीही एक गोष्ट या लोकांनी सोडली नाही. १९८९ साली नाऊरू ऑस्ट्रेलियाविरुद्ध हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेले. स्वातंत्र्यापूर्वी, तुमच्या पालकत्वाच्या काळात, जी जमीन खणली गेली ती तुम्ही पूर्ववत करून द्यावयास हवी होती, हे त्यांचे म्हणणे. हा खटला चालविता येणार नाही, हा ऑस्ट्रेलियाचा मुख्य आक्षेप न्यायालयाने १९९२ मध्ये फेटाळला. पुढील वर्षी ऑस्ट्रेलियाने १० कोटी ७० लाख डॉलर देऊन तडजोड केली आणि ब्रिटन व न्यूझीलंड यांनीही आपला हिस्सा त्यास दिला. तेवढ्या पैशाने पठारावर पूर्वीची झाडे परत आली नाहीत. पण पालकत्वाचा हिशेब पाल्य मागू शकतो, हे जगाच्या न्यायालयात मान्य झाले. बलाढ्य राष्ट्राकडून हे मान्य करवून घेणारा देश आपल्या एखाद्या तालुक्याहूनही लहान होता.

विद्यार्थी मित्रहो, परीक्षेसाठी आपण खनिजांच्या उत्पादनाचे आकडे पाठ करता. ते अवश्य पाठ करा. पण प्रत्येक आकड्याशी थोडे थांबून, ती जमीन कोणाची होती, मोबदला कोणी ठरविला आणि मिळालेल्या पैशाचे पुढे काय झाले, एवढे तीन प्रश्न विचारा. यांतील तिसरा प्रश्न स्वातंत्र्यानंतर आपण आपल्यालाच विचारावयाचा असतो. नकाशाची दुमडलेली कड सरळ धरणाऱ्या गुरुजींना यापेक्षा वेगळे स्मारक आवडले असते, असे मला वाटत नाही.