ज्योत कोणाच्या हाती?
(सुवर्णमहोत्सवी वर्षातील सत्कारसमारंभात केलेले भाषण)



क्रीडाज्योत वाहण्यासाठी आपल्या मंडळातील या भगिनीची निवड झाल्याचे कळताच काहींनी मला विचारले, "बाई तर फिजिओथेरपी शिकवतात, त्या खेळाडू कुठे आहेत?" प्रश्न रास्त आहे. त्याचे यथामती उत्तर देण्यासाठी मी उभा आहे.

ऑलिंपियात सूर्यकिरणांनी ज्योत चेतवून ती हातोहात क्रीडांगणापर्यंत नेण्याचा प्रघात १९३६ च्या बर्लिन स्पर्धांपासून पडला. २०१२ साली लंडनच्या वेळी सुमारे ८,००० जणांनी ती ब्रिटनभर वाहिली. त्यांत नामांकित खेळाडू होते, तशीच इतरांनी नावे सुचविलेली साधी माणसेही होती. प्रत्येकाच्या वाट्याला सुमारे ३०० मीटर! मशाल ज्याची त्याच्याजवळ राहिली. पुढे गेली ती केवळ ज्योत.

त्याच वर्षी पॅरालिंपिकची ज्योत स्टोक मँडेव्हिल येथून निघाली. नाझी जर्मनीतून परागंदा झालेले डॉ. लुडविग गुटमान यांनी १९४४ मध्ये तेथील रुग्णालयात पाठीच्या कण्याला इजा झालेल्यांसाठी विभाग उघडला. असे रुग्ण तेव्हा फार काळ जगत नसत. गुटमान त्यांना दर दोन तासांनी कुशीवर वळवायला लावीत आणि पुढे खेळायलाही लावीत. २९ जुलै १९४८ रोजी, लंडन ऑलिंपिकच्या उद्घाटनादिवशीच, १६ जायबंदी स्त्रीपुरुष सैनिकांनी तेथे चाकांच्या खुर्चीत बसून धनुर्विद्येची स्पर्धा केली. १९५९ च्या अपघातानंतर याच रुग्णालयात उपचार घेतलेल्या मार्गारेट मॉन यांनी १९६० साली रोमला सुवर्णपदक मिळविले, आणि २०१२ ची पॅरालिंपिक ज्योत क्रीडांगणात त्यांच्याच हस्ते प्रज्वलित झाली.

आपले सांगली जिल्ह्याचे मुरलीकांत पेटकर १९६५ च्या युद्धात गोळ्या लागून जायबंदी झाले. उपचार म्हणून पाण्यात उतरलेल्या या जवानाने १९७२ साली हायडेलबर्ग येथे जलतरणात सुवर्णपदक पटकावले.

आता थोडे स्वतःविषयी. तीन वर्षांपूर्वी अर्धांगाच्या झटक्याने माझा उजवा हात निकामी झाला. ज्याने आयुष्यभर फायलींवर सह्या केल्या, त्याला पेन्सिल धरता येईना. मी बाईंकडे गेलो. त्या म्हणाल्या, "हात मी हलवणार नाही, साहेब. तुम्ही हलवायचा." मला राग आला. सहा महिने वाटाणे वेचणे, गुंड्या लावणे, बाराखडी गिरवणे चालले होते. अखेर मी एक धनादेश लिहिला. सही जुळत नाही म्हणून बँकेने तो परत पाठविला. खिन्न मनाने तो बाईंना दाखविला, तेव्हा त्या हसून म्हणाल्या, "धनादेश परत आला, पण हातही परत आलाच ना!" तो धनादेश मी आजही जपून ठेवला आहे.

दुसऱ्याच्या अंगातली विझू लागलेली ज्योत चेतवायची, आणि तो चालू लागला की आपण बाजूला व्हायचे, हेच बाईंचे रोजचे काम. बदलीच्या नोकरीत आलेल्या-गेलेल्या सभासदांनी आपले मंडळही ५० वर्षे असेच हातोहात पुढे नेले. म्हणून ही निवड मला सर्वथा उचित वाटते.

बाई, त्या दिवशी रस्त्याच्या कडेला मी उभा असेन. टाळ्या वाजवायला आता मला दोन्ही हात आहेत!