विवाह आणि संमति

प्रेमविवाहानें कुटुंबसंस्था ढासळत आहे, असा सूर शहरांतील सुशिक्षित घरांतून वारंवार कानीं पडतो. माझें म्हणणें निराळें आहे. आमच्या परभणी जिल्ह्यांत मुली स्वतःची निवड करतात, हा खरा प्रश्न नाहीं. निवड करण्याचें वय येण्यापूर्वींच पुष्कळ मुलींचें लग्न उरकलें जातें, हा आहे. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणींत येथील २० ते २४ वयाच्या सुमारें ४८ टक्के स्त्रियांचा विवाह अठराव्या वर्षापूर्वीं झालेला आढळला.

हें केवळ अज्ञानानें घडतें, असें समजणें सोपें. पण तें पुरतें खरें नाहीं. दिवाळीच्या सुमारास गंगाखेड, सोनपेठ इकडील कित्येक कुटुंबें ऊसतोडीस निघतात. मुकादम उचल देतो ती बहुधा जोडप्यामागें. नवराबायकोच्या जोडीसच तेथें ‘कोयता’ म्हणतात. वयांत येणारी मुलगी मागें एकटी ठेववत नाहीं. आणि तिचें लग्न झालें, कीं नवा कोयता उभा राहतो. अशा संसारांत प्रीति उपजणारच नाहीं, असें नव्हे. पण त्या मुलीस आधीं कोणी कांहीं विचारलेलें नसतें.

हा विचारण्याचा प्रश्न जुनाच आहे. अकराव्या वर्षीं लग्न झालेल्या मुंबईच्या रखमाबाईंनीं पुढें पतीकडे नांदावयास जाण्याचें नाकारलें. १८८७ सालीं न्यायालयानें नांदणें किंवा कैद असा निवाडा दिला, तेव्हां त्या कैदेस तयार झाल्या. तडजोड झाली, आणि त्या विलायतेस जाऊन डॉक्टर झाल्या. १९२९ चा शारदा कायदा ब्रिटिश हिंदुस्थानापुरता होता. परभणी निजामच्या राज्यांत होती. आतां मात्र कायद्याची उणीव नाहीं. मुलीस १८ व मुलास २१ वर्षांची अट १९७८ पासून आहे. १९५४ च्या विशेष विवाह कायद्यानें जातिधर्माबाहेरहि लग्न करतां येतें. उणीव आहे ती विचारण्याची.

मुलगी ‘नाहीं’ म्हणूं शकत असेल, तरच तिच्या ‘होय’ला मोल आहे. तेवढें बळ येण्यास तिला शाळेंतलीं चार वर्षें अधिक मिळालीं पाहिजेत; आईबाप ऊसतोडीस गेल्यावर राहण्यास गांवांत सुरक्षित जागा पाहिजे.

लेकीनें वर स्वतः निवडला म्हणून रुसणाऱ्या वडीलधाऱ्यांनीं एवढें मनांत आणावें, कीं तिला निवडतां आलें हें आपणच दिलेल्या शिक्षणाचें फळ आहे. आपल्या घरीं धुण्याभांड्यास येणाऱ्या बाईंच्या मुलीस तें मिळणार आहे का, हें उद्यां त्यांना विचारून पहावें.