खाप्याचा काळा दगड

नागपूरच्या उत्तरेस, सावनेर तालुक्यांत, कन्हान नदीच्या कांठीं खापा हें जुनें गांव वसलें आहे. येथील नगरपालिका 1867 सालची असून हातमागावरील कापडाकरितां गांवाची पूर्वापार ख्याति आहे. परंतु मागाहूनहि पुरातन असें एक धन या परिसरांत भूमीखालीं आहे. जवळच गुमगांवची खाण आहे. हिंगण्याकडील गुमगांव तें निराळें. या खाणींतील दगड उचलून पाहिला तर दोन गोष्टी चटकन् ध्यानांत येतात: तो काळा आहे, आणि आकाराच्या मानानें फार जड आहे. पुष्कळांस एवढीच ओळख पुरते. ती थोडी वाढवावी, हा या भाषणाचा हेतु आहे.

हा दगड म्हणजे मँगनीज या मूलद्रव्याचें खनिज होय. रासायनिक क्रियेनें ज्याचे आणखी साधे घटक पाडतां येत नाहींत, त्यास मूलद्रव्य म्हणतात. अशीं 118 मूलद्रव्यें आज ज्ञात आहेत. त्यांच्या मालिकेंत मँगनीज 25 वें, आणि लगतचें 26 वें लोखंड. हा शेजार केवळ कागदावरचा नाहीं, हें पुढें दिसून येईल.

मनुष्यानें या दगडाचा एक जुना उपयोग केला तो कांचेकरितां. वाळूंत लोखंडाचा अंश असला म्हणजे कांच हिरवट होते. रसांत या काळ्या खनिजाची चिमूट टाकली कीं हिरवी छटा नाहींशी होते. चिमटीऐवजीं मूठ पडली तर मात्र कांच जांभळी होते. ही युक्ति रोमन कारागिरांस ठाऊक होती. काळ्या दगडानें कांच स्वच्छ व्हावी, या नवलामुळें त्यास कांचकारांचा साबण म्हणत. त्याचें पायरोल्युसाइट हें शास्त्रीय नांवहि अग्नि आणि धुणें या अर्थाच्या ग्रीक शब्दांवरून बनलें आहे.

मूलद्रव्याच्या नांवाची कथा याहून गमतीची आहे. ग्रीस देशांत मॅग्नेशिया नांवाचा प्रांत आहे. त्या नांवानें ओळखला जाणारा एक काळा दगड लोखंड ओढीत असे, तो लोहचुंबक. दुसरा दिसावयास तसाच, पण लोखंड न ओढणारा. प्राचीनांनीं पहिल्यास नर ठरविलें व दुसऱ्यास मादी! हा दुसरा तो कांचकारांचा दगड. मध्ययुगांत त्यास काळा मॅग्नेशिया म्हणूं लागले. पुढें एक पांढरा मॅग्नेशियाहि आला. अपभ्रंश होत होत काळ्याचें मँगनीज झालें. 1808 सालीं सर हंफ्री डेव्ही यानें पांढऱ्यापासून नवी धातु काढली, तेव्हां घोंटाळा टळावा म्हणून तीस मॅग्नियम हें नांव सुचविलें. लोकांनीं तें मानलें नाहीं. मॅग्नेशियम हेंच रूढ झालें. मॅग्नेट, मॅग्नेशियम व मँगनीज या तीन शब्दांत विद्यार्थ्यांची जी गल्लत होते, तिचें मूळ हें असें आहे.

या दगडांत नवी धातु दडलेली आहे हें सिद्ध करणारा पुरुष कोणी धनाढ्य पंडित नव्हता. कार्ल विल्हेल्म शील हा स्वीडनमधील एका औषधालयांत नोकरी करणारा तरुण. विद्यापीठाची पदवी त्याजपाशीं नव्हती. बर्गमन या प्राध्यापकानें सोपविलेल्या या खनिजावर त्यानें दीर्घ काळ परिश्रम केले आणि 1774 सालीं आपला निबंध प्रसिद्ध केला. यांत अद्यापि अज्ञात अशी धातु आहे, असा त्याचा निष्कर्ष होता. ती वेगळी करण्याइतकी प्रखर भट्टी त्यास साधली नाहीं. तें काम त्याच वर्षीं त्याचा मित्र गान यानें केलें. कोळशाच्या भुकटीचें अस्तर लाविलेल्या मुशींत खनिजाची पूड तेलांत कालवून ठेविली, वर पुन्हा कोळसा घातला, मूस बंद करून ती प्रखर आंचेवर तापविली. कोळशानें खनिजांतील प्राणवायु हरण केला व तळाशीं धातूची गोळी उरली.

हाच दगड मिठाच्या तेजाबांत तापविला असतां शीलला पिवळसर हिरवा, घसा कोंडणारा वायु मिळाला. तेंहि मूलद्रव्यच आहे असें डेव्हीनें 1810 सालीं ठरविलें, व रंगावरून त्यास क्लोरीन हें नांव दिलें. कापड शुभ्र करणारें विरंजक चूर्ण या वायूपासूनच होतें. हातमागावर बसणाऱ्या खाप्याच्या विणकरास हा संबंध विशेष वाटण्याजोगा आहे: सूत पांढरें करणारा वायु जगास प्रथम मिळाला तो अशा काळ्या दगडाच्या साह्यानें.

आतां लोखंडाच्या शेजाराविषयीं. 1856 सालीं बेसेमरनें वितळलेल्या लोखंडांतून हवा फुंकून स्वस्त पोलाद करण्याची रीत काढली. परंतु तें पोलाद तापवून ठोकतांच चिरूं लागलें. लोखंडांतील गंधक व फुंकीमुळें राहिलेला प्राणवायु हे त्याचें कारण. रॉबर्ट मशेट यानें मँगनीजयुक्त लोखंड रसांत मिसळण्याचा उपाय दाखविला. मँगनीज गंधकास स्वतःकडे ओढून घेतें, आणि पोलाद शाबूत राहतें. पुढें 1882 सालीं शेफील्डच्या हॅडफील्डनें शेंकडा 12-13 भाग मँगनीज असलेलें असें पोलाद बनविलें कीं तें आघातानें झिजण्याऐवजीं अधिकच कठीण होतें. रेल्वेचे रूळ जेथें एकमेकांस छेदतात तेथें, आणि दगड फोडणाऱ्या यंत्रांच्या जबड्यांत तें वापरतात. आजहि जगांतील मँगनीजचा बहुतेक सर्व भाग, शेंकडा नव्वदांच्या आसपास, पोलादाकडेच जातो.

घरांतहि हें मूलद्रव्य आहेच. लेक्लांशे यानें 1866 सालीं जो विद्युत्-घट रचला, त्याचाच वंशज विजेरींतील कोरडा सेल. त्यांतील काळ्या भुकटींत मँगनीज असतें. विहिरींत टाकण्याची लाल दवा, म्हणजे पोटॅशियम परमँगनेट, हेंहि मँगनीजचेंच संयुग. आग्र्याच्या हँकिन या शास्त्रज्ञानें 1890 नंतरच्या दशकांत पटकीच्या सांथींत विहिरी शुद्ध करण्यास तिचा पुरस्कार केला. पुढें तिची जागा विरंजक चूर्णानें घेतली. एका दगडाचें औषध गेलें व त्याच दगडानें जगास ओळख करून दिलेल्या वायूचें औषध आलें, असेंच म्हणावें लागेल.

मध्यप्रांतांत खनिजाचा शोध घेणारी मंडळी 1896 सालीं स्थापन झाली आणि 1900 पासून नागपूर जिल्ह्यांत खाणकाम सुरू झालें. छिंदवाडा, नागपूर, भंडारा व बालाघाट या जिल्ह्यांतून हा खनिजपट्टा जातो. भूगर्भशास्त्रज्ञ फर्मोर यानें भारतांतील मँगनीजवर 1909 सालीं मोठा ग्रंथ लिहिला. येथील एका खडकास त्यानें गोंड लोकांवरून गोंडाइट हें नांव दिलें. सीतापार गांवावरून एका खनिजास सीतापाराइट म्हटलें. सौंसर गांवाचें नांव तर खडकांच्या संपूर्ण समूहास मिळालें. युरोपांतील विद्यार्थी हीं नांवें पाठ करीत होते, आणि ज्यांच्या गांवांचीं तीं नांवें ते टोपल्या वाहत होते.

खनिज मात्र कित्येक दशकें बव्हंशीं कच्चेंच आगगाडीनें बंदराकडे व तेथून परदेशीं गेलें. 1962 सालीं मँगनीज ओअर इंडिया ही कंपनी नागपुरांत उभी राहिली, आणि 1977 सालीं ती पूर्णतः सरकारी मालकीची झाली. 2010 मध्यें तिचे समभाग जनतेस खुले झाले. भंडारा जिल्ह्यांत डोंगरी बुजुर्ग येथें विद्युत्-घटांकरितां शुद्ध मँगनीज डायऑक्साइड करण्याचा तिचा कारखाना आहे. दगडाची किंमत ज्ञानानें कशी वाढते, याचें हें घरचें उदाहरण.

एक गोष्ट मात्र विसरतां कामा नये. अत्यल्प मँगनीज शरीरास आवश्यक आहे. परंतु त्याची धूळ वर्षानुवर्षें श्वासावाटें गेली तर मज्जातंतूंस विकार होतो. चाल अडखळते, चेहरा निर्विकार होतो, आवाज क्षीण होतो. ग्लासगोच्या डॉक्टर कूपर यानें 1837 सालींच, हें खनिज दळणाऱ्या मजुरांत हा रोग वर्णिला होता. म्हणून ओलें करून छिद्र पाडणें, खाणींत हवा खेळती ठेवणें व मुखपट्टी बांधणें हा मजुरावर केलेला उपकार नव्हे. ती दगडाच्या किंमतींतलीच एक रक्कम आहे, आणि ती प्रथम चुकती झाली पाहिजे.

कापसाचें पीक दरसाल येतें. या दगडाचें पीक एकदांच. कोट्यवधि वर्षांनीं घडलेला सांठा कधींतरी सरेल. त्यानंतर खाप्याच्या पदरीं काय उरावें, रिकामी खाण कीं त्या दगडाची विद्या, हें आजच्या शाळांत ठरत आहे. शीलपाशीं एक लहानसें औषधालय, कांहीं मुशी आणि कुतूहल एवढेंच भांडवल होतें. खाप्याच्या मुलापाशीं तर तो दगडच अंगणाशेजारीं आहे. तो त्यानें हातांत घ्यावा, आणि हा काळा कां, जड कां, असें विचारावें. विद्येचा आरंभ तेथूनच होतो.