काळवंचना
(गोदाघाटावरील व्याख्यानातील काही भाग)



आजचा विषय ऐकून घरात माझा नातू म्हणाला, "आजोबा, म्हणजे टाइम-टर्नर!" हॅरी पॉटरच्या तिसऱ्या पुस्तकात, ते १९९९ सालचं, हर्मायनीच्या गळ्यात एक चिमुकलं वाळूचं घड्याळ असतं. ते उलटं फिरवलं की गेलेला तास परत मिळतो. एकाच वेळचे दोन वर्ग करता यावेत म्हणून ते तिला दिलेलं असतं, तेही जादूच्या मंत्रालयाकडून, अटी घालून. म्हणजे तिथेसुद्धा परवान्याशिवाय काम नाही!

आपल्याकडे याला परवाना नव्हता आणि बंदीचा कायदाही नव्हता. शब्द मात्र होता, काळवंचना. वंचना म्हणजे फसवणूक. योग्यानं प्राण ब्रह्मरंध्रात चढवून बसायचं, यमाचे दूत यायचे, कुडीत कोणी नाही असं पाहून परत जायचे. घटका टळली की महाराज पुन्हा खाली. तापीकाठच्या चांगदेवांनी दर शंभर वर्षांनी हे केलं आणि चौदाशे वर्षं काढली, अशी आपली कथा.

पतंजलींच्या योगसूत्रांत भूत-भविष्याचं ज्ञान होण्याची वाट सांगितली आहे आणि थोडं पुढे जाऊन अशा सिद्धी म्हणजे समाधीतले अडथळे, असंही बजावलं आहे. पण बजावणं वेगळं आणि कथेनं माणसाची फजिती करणं वेगळं. चांगदेवांना कोणी शाप दिला नाही. त्यांची फजिती झाली ती एका पत्रापायी.

ज्ञानदेवांची कीर्ती ऐकून त्यांनी पत्र लिहायला घेतलं आणि मायन्यालाच अडले. इथे बसलेल्या साठीच्या पुढच्या मंडळींना अंतर्देशीय पत्र आठवत असेल, ते निळं. आमचे वडील दौत-टाक सरसावून बसायचे आणि पहिली दोन अक्षरं घालायला सर्वांत जास्त वेळ लावायचे. ती. की चि.? धाकटे मामा वयानं लहान, पण नात्यानं मोठे; त्यांना काय लिहायचं? टाक तसाच दौतीवर थांबायचा. चांगदेवांची अडचण याच जातीची, फक्त चौदाशे पटींनी मोठी. समोरचा मुलगा विशीच्या आतबाहेरचा, तेव्हा तीर्थरूप कसं लिहावं? ज्ञानानं तो थोर, तेव्हा चिरंजीव तरी कसं लिहावं? आणि गंमत बघा, त्या दोघांत खरा चिरंजीव कोण होता? लिहिणाराच! अखेर त्यांनी कोरा कागद पाठवला. तो पाहून ज्ञानदेवांची बहीण मुक्ताबाई म्हणाली म्हणतात, चौदाशे वर्षं जगले आणि कोरेच राहिले.

माझं सगळं म्हणणं या कोऱ्या कागदात आहे. काळ अडवला की म्हातारपण टळतं, पण थोरला-धाकटा ठरवायचं मापही हातून जातं. ययातीचं असंच झालं. त्यानं पुरूचं तारुण्य घेतलं आणि बाप मुलापेक्षा तरुण झाला. १९५९ साली आलेल्या खांडेकरांच्या कादंबरीमुळे ती गोष्ट आपल्या घराघरांत आहे, म्हणून तिथे रेंगाळत नाही. फरक एवढाच, की ययातीनं दुसऱ्याचा काळ घेतला. चांगदेवांनी कोणाचं काही घेतलं नाही, तरी पत्र लिहिता आलं नाही ते नाहीच.

उत्तरात ज्ञानदेवांनी पासष्ट ओव्या लिहिल्या आणि ती-चि हा घोळच घातला नाही. सुरुवातीलाच स्वस्ति म्हटलं ते वटेशाला, चांगदेवांच्या आराध्याला. वय विचारायची सोयच ठेवली नाही! लिहिणारा स्वतः १२९६ साली, एकविसाव्या वर्षी समाधी घेणारा.

या भावंडांचा धागा आपल्या नाशिक जिल्ह्यातला. ब्रह्मगिरीच्या प्रदक्षिणेत वाघ आडवा आला, पांगापांग झाली आणि थोरले भाऊ निवृत्ती गहिनीनाथांच्या गुहेत शिरले, ही कथा त्र्यंबकची. आणि चांगदेव भेटीला आले ते वाघावर बसून. ज्या घरात वाघामुळे गुरू भेटला, तिथे वाघाचं काय कौतुक असणार!

त्र्यंबकाचं नाव घेणारा मृत्युंजय मंत्र आपण सगळे म्हणतो. त्यात मागणं काय आहे? कधीच मरू नये, असं नाही. उर्वारुक देठापासून सुटतं तसं मला मृत्यूपासून सोडव, असं आहे. वेलवर्गातली काही फळं पिकली की हात लावताच देठ सोडतात. ज्यांनी मळ्यात शेंदाड हातात घेतलं असेल त्यांना हे सांगायला नको.

उलट आपली द्राक्षं. ती देठ सोडत नाहीत, घड कात्रीनं काढावे लागतात. एप्रिलात खरडछाटणी, ऑक्टोबरात गोडीछाटणी, आणि मग डोळ्यांना पेस्ट. थंड देशांतला कडक हिवाळा आपल्या वेलीला मिळत नाही, म्हणून हायड्रोजन सायनामाइडची पेस्ट लावून तिला एकसारखी जागी करायची. निफाड-दिंडोरीचे बागायतदार दरवर्षी वेलीला काळवेळ विसरायला लावतात. हीसुद्धा काळवंचनाच, फक्त तिला कर्जाचा हप्ता असतो आणि अवकाळी पाऊस आला की वंचना कोणाची झाली ते कळतं.

चौदाशेचा हिशेब खरा मानायचा का, असं विचाराल. चांगदेव हे नाव त्या काळात अनेकांचं होतं. चक्रधरांच्या परंपरेत चांगदेव राऊळ आहेत. चाळीसगावजवळ पाटणला भास्कराचार्यांचा नातू चांगदेव, सिंघण यादवाच्या पदरी ज्योतिषी. आजोबांचे ग्रंथ शिकवायला त्यानं मठ काढल्याचा शिलालेख आहे. मला आपलं वाटतं, अनेक चांगदेवांची आयुष्यं लोकांनी एकाच्या खात्यावर जमा केली असावीत.

कथेतले चांगदेव पुढे मुक्ताबाईचे शिष्य झाले. चौदाशे वर्षांच्या योग्याला जेमतेम चौदा-पंधरा वर्षांची गुरू! समाधी त्यांची पुणतांब्याला, याच गोदेच्या काठी. तिथे ते बसले तेव्हा पंधराव्यांदा श्वास वर चढवला नाही.